दोन ध्वजांची मल्ल

पोटासाठी वा पेढीसाठी मुलूख सोडणारे पुष्कळ. आखाड्यासाठी देशांतर करणारी स्त्री विरळा. मारिया स्टाडनिक ही त्यांपैकी एक. जन्म १९८८ चा, युक्रेनमधील ल्विव्ह शहरातला. कुस्तीचे पहिले डाव तिने मायदेशीच गिरविले आणि पुढे अझरबैजानला आपलेसे केले.

२००८ च्या बीजिंग ऑलिम्पिकमध्ये या स्थलांतराचे विलक्षण चित्र दिसले. ४८ किलो गटात मारियाने अझरबैजानसाठी कांस्यपदक जिंकले. त्याच गटातील दुसरे कांस्य युक्रेनच्या इरिनी मेर्लेनीला, म्हणजे २००४ च्या सुवर्णविजेतीला मिळाले. मारियाचे पती आंद्री यांनी मात्र ६६ किलो गटातले रौप्य युक्रेनसाठी मिळविले. पदके एकाच घरात आली, पण जमा झाली दोन राष्ट्रांच्या खात्यांवर!

पुढच्याच वर्षी, डेन्मार्कमधील हर्निंग येथे, ती जगज्जेती झाली. ऑलिम्पिक सुवर्णाने मात्र हुलकावणीच दिली. २०१२ मध्ये लंडनला अंतिम लढतीत हितोमी ओबाराने तिला हरविले. २०१६ मध्ये रिओला ती २-१ अशी पुढे होती. अखेरच्या काही सेकंदांत एरी तोसाकाने दोन गुण घेतले आणि निकाल ३-२ असा फिरला. अशा पराभवानंतर कित्येकांनी आखाडा सोडला असता. मारिया तेव्हा दोन मुलांची आई होती. तिने सराव सोडला नाही.

२०१९ मध्ये, पहिल्या विजेतेपदानंतर दहा वर्षांनी, ५० किलो गटात ती पुन्हा जगज्जेती ठरली. टोकियोत तिला चौथे ऑलिम्पिक पदक मिळाले, तेही कांस्यच.