पैसा नसलेले राज्य आणि मातीची माणसे

१७ एप्रिल १९७५ रोजी ख्मेर रूजच्या सैनिकांनी कंबोडियाची राजधानी नॉम पेन्ह जिंकली आणि काही दिवसांतच ते शहर रिकामे केले. इस्पितळांतील रुग्णांनाही खाटांवरून उठवून रस्त्याला लावण्यात आले. बाजार बंद झाले, शाळा बंद झाल्या, चलनच रद्द झाले. पैसा नाहीसा केला की शोषण नाहीसे होईल, असे मानणारे विचारवंत जगात पुष्कळ होऊन गेले; पोल पॉटच्या राजवटीने तो प्रयोग जिवंत माणसांवर करून पाहिला. शहराबाहेर हाकलल्या गेलेल्यांत जेमतेम अकरा वर्षांचा एक मुलगा होता. पुढे माहितीपटकार म्हणून नावारूपास आलेले रिथी पान्ह ते हेच.

१९७६ च्या चार वर्षांच्या योजनेत हेक्टरी ३ टन भाताचे उद्दिष्ट ठरले. देशाचे पूर्वीचे सरासरी उत्पन्न त्याच्या निम्म्याइतकेही नव्हते. पण पीक कमी आले असे वर कळविणे म्हणजे फितुरीची कबुली देणे. तेव्हा स्थानिक प्रमुख फुगवलेले आकडे पाठवीत आणि त्या आकड्यांप्रमाणे द्यावयाचा हिस्सा खाणाऱ्यांच्या तोंडातून काढून भरीत. बाजारभाव निदान टंचाईची वर्दी तरी देतो. येथे तो देणारेही कोणी उरले नव्हते. पान्ह यांचे वडील शिक्षण खात्यातले. जनावरांपुढे टाकावे तसले अन्न माणसाने खाऊ नये, असे म्हणून त्यांनी अन्न सोडले आणि प्राणही. पावणेचार वर्षांत अंदाजे १५ ते २० लाख माणसे मेली.

जानेवारी १९७९ मध्ये राजवट कोसळली. पान्ह थायलंडमधील निर्वासितांच्या छावणीतून फ्रान्समध्ये गेले व पॅरिसला चित्रपटकला शिकले. त्यांचा ‘एस-२१’ हा माहितीपट २००३ चा. एस-२१ हा नॉम पेन्हमधील तुरुंग मुळात एक माध्यमिक शाळा होती आणि त्याचा प्रमुख डुच हा पूर्वीचा गणिताचा शिक्षक! प्रत्येक कैद्याचे छायाचित्र, जबानी, फाइल, सारे नीटनेटके. पान्ह यांनी जुन्या पहारेकऱ्यांना त्याच इमारतीत परत आणले. समोर वान नाथ हे चित्रकार. पोल पॉटची चित्रे काढण्यासाठी जिवंत ठेवले गेले, म्हणून वाचलेले. प्रश्नांना ‘आम्ही हुकमाचे ताबेदार’ या थाटाची उत्तरे मिळतात. मग एक पहारेकरी रिकाम्या खोलीत आपली जुनी पाळी करून दाखवू लागतो: कुलूप ओढून पाहतो, नसलेल्या कैद्यांवर खेकसतो. जीभ टाळाटाळ करते. अंगवळणी पडलेल्या कामाला ते जमत नाही.

राजवटीने स्वतःची चित्रफीत ठेवली ती कालवे खणणाऱ्या उत्साही जमावांची. उपासमारीचे दृश्य तीत कोठून असणार? २०१३ च्या ‘हरवलेले चित्र’ या माहितीपटात पान्ह यांनी ती उणीव मातीच्या लहान लहान मूर्तींनी भरून काढली. कान महोत्सवात ‘अं सर्तेन रगार’ विभागाचा प्रमुख पुरस्कार त्याला मिळाला. मातीच्या बाहुल्यांनी यातना सौम्य होतात, अशी शंका येणे स्वाभाविक आहे. परंतु नटांकडून उपासमार वठवून घेण्यापेक्षा हा मार्ग अधिक प्रामाणिक म्हटला पाहिजे.

नॉम पेन्हमध्ये २००६ साली उघडलेल्या दृक्‌श्राव्य संग्रहालयाच्या उभारणीतही पान्ह यांचा पुढाकार होता. देशाच्या विखुरलेल्या चित्रफिती व ध्वनिमुद्रणे तेथे कोणालाही पाहता-ऐकता येतात. त्याला नाव दिले आहे बोफाना या एस-२१ मध्ये मारल्या गेलेल्या तरुणीचे. तिने पतीला लिहिलेली प्रेमपत्रे तुरुंगाच्या कारकुनांनी गुन्ह्याचा पुरावा म्हणून तिच्या फाइलीत जपून ठेवली होती.