सतरा मिनिटांतली रामोना

पोरकी रामोना कॅलिफोर्नियातल्या एका बड्या स्पॅनिश घराण्यात वाढते. पालक आईचा मुलगा फेलिपे तिच्यावर जीव टाकतो, पण तिचं मन जडतं मेंढ्यांची लोकर कातरायला आलेल्या आलेसांद्रो या मूलनिवासी तरुणावर. सेन्योरा मोरेनोला, म्हणजे त्या आईला, हे कुठून खपायला! आलेसांद्रोला हाकलून देतात. मग रामोनाला कळतं की तिच्याही अंगात मूलनिवासी रक्त आहे. झालं, ती घर सोडून त्याच्यामागे निघते.

हेलन हंट जॅक्सनच्या १८८४ सालच्या जाडजूड कादंबरीची ही गोष्ट दिग्दर्शक डी. डब्ल्यू. ग्रिफिथने १९१० साली एका रिळात बसवली. जेमतेम सतरा मिनिटं, आणि तीही मुकी! आपला ‘राजा हरिश्चंद्र’ यायला अजून तीन वर्षं होती. बायोग्राफ कंपनीने कादंबरीच्या हक्कांसाठी शंभर डॉलर मोजले आणि चित्रीकरणासाठी थेट कामुलोसचा वाडा गाठला. कादंबरीतलं घर याच वाड्यावरून सुचलं, असं मानतात.

घरातला तंटा अंगणात, दारात, माणसांच्या जवळ उभं राहून दाखवलाय. आणि मग एकदम ते दृश्य येतं. आलेसांद्रो डोंगराच्या कड्यावर उभा आहे, आणि खाली दूर दरीत गोऱ्यांनी पेटवलेलं त्याचं गाव जळतंय. इथून तिथे, तिथून इथे अशी दृश्यं कापून जोडण्यात ग्रिफिथचा हातखंडा. इथे मात्र त्याने दोन्ही गोष्टी एकाच चौकटीत ठेवल्या. माणूस मोठा, गाव इवलंसं, मध्ये नुसती हवा. तो हात उंचावतो, पण तिथवर पोचणार कसा? बिली बिट्झरचा कॅमेरा जागचा हलत नाही, तरी आलेसांद्रोची असहायता फुटांत मोजता यावी इतकी स्पष्ट दिसते. संवाद असते तर त्यांनी या अंतराची धार घालवली असती, असं मला ठामपणे वाटतं.

एक गोष्ट मात्र सलते. गोऱ्यांनी मूलनिवासींवर केलेल्या अन्यायाची कथा, असं चित्रपट स्वतःच सांगतो. पण आलेसांद्रो झालाय हेन्री वॉल्थॉल आणि रामोना झालीय मेरी पिकफर्ड. दोघंही गोरे.

चित्रपट आजही शाबूत आहे. पाहाल तेव्हा फेलिपेकडे जरूर लक्ष द्या. दोघांचं मूल गेलं, आलेसांद्रोलाही गोऱ्याने गोळी घातली, तेव्हा रामोनाला शोधत येतो तो तिने नाकारलेला हा फेलिपेच.