चेहरा जपणारी चित्रे

उर्दूत आपण ‘तसवीर’ म्हणतो. मराठीत तिलाच ‘तसबीर’ म्हणतात. घरातील भिंतीवर आजोबांची तसबीर तुम्ही पाहिली असेल. ती कॅमेऱ्याने काढलेली असते. पण कॅमेरा नव्हता, तेव्हा माणसाचा चेहरा कसा जपून ठेवत असत?

चित्रकार त्या माणसाला समोर बसवून त्याचे चित्र काढी. अशा चित्राला ‘व्यक्तिचित्र’ म्हणतात. हिंगोली जिल्ह्यातील नरसी हे संत नामदेवांचे जन्मगाव मानले जाते. त्यांची चित्रे आपण नेहमी पाहतो. पण ती पुढच्या काळातील चित्रकारांनी मनाने काढलेली आहेत. ती कल्पनाचित्रे होत.

आता एका खऱ्या व्यक्तिचित्राची माहिती घेऊ. जेम्स वेल्स हा स्कॉटलंडचा चित्रकार 1791 मध्ये मुंबईला आला आणि 1792 मध्ये पुण्याला गेला. तेथे त्याने सवाई माधवराव पेशव्यांचे तैलचित्र काढले. पेशवे तेव्हा 18 वर्षांचे होते. चित्रात त्यांच्याजवळ नाना फडणवीस बसले आहेत. महादजी शिंदे यांचेही चित्र वेल्सने काढले.

आपल्याकडील जुन्या लघुचित्रांत चेहरा बहुधा एका बाजूने दाखवीत. त्यांत रेषेला महत्त्व असे. वेल्सच्या पद्धतीत उजेड आणि सावली यांना महत्त्व होते. उजेडाकडील गाल उजळ व दुसरा गडद रंगवला, की सपाट कापडावरचा चेहरा उठावदार दिसतो. तेलात कालवलेले रंग सावकाश वाळतात. म्हणून ते एकमेकांत मिसळायला वेळ मिळतो. पुण्याच्या गंगाराम तांबट या कलावंताने वेल्सबरोबर काम केले. त्याने काढलेली वेरूळच्या लेण्यांची चित्रे प्रसिद्ध आहेत.

त्याच सुमारास, 1796 मध्ये, अमेरिकेत गिल्बर्ट स्टुअर्टने पहिले राष्ट्राध्यक्ष जॉर्ज वॉशिंग्टन यांचे व्यक्तिचित्र काढले. ते अपुरेच राहिले. तरीही एक डॉलरच्या नोटेवर वॉशिंग्टन यांचा जो चेहरा दिसतो, तो याच चित्रावरून घेतलेला आहे.

1794 मध्ये महादजी वारले. 1795 मध्ये पेशवे अवघ्या 21 व्या वर्षी गेले. त्याच वर्षी वेल्सही वारला. चित्रे काढायला थोडा उशीर झाला असता, तर हे चेहरे आपल्याला असे दिसले नसते.

मात्र त्या काळातील शेतकरी, विणकर, शिपाई यांची अशी चित्रे फारशी कोणी काढली नाहीत. त्यांचे चेहरे काळाबरोबर गेले. आज प्रत्येक घरात फोटो असतात. घरातील वडीलधाऱ्यांना विचारून प्रत्येक फोटोच्या मागे नाव आणि वर्ष लिहून ठेवा. नाही तर चेहरा उरतो, पण माणूस हरवतो.