चेर्नोबिलची बातमी आणि गोठ्यातलं दूध

संकटाची बातमी उशिरा आली तरी नुकसान आणि फुगवून आली तरी नुकसान. अणुभट्टीच्या अपघाताने हे जगाला दाखवून दिले.

२६ एप्रिल १९८६ च्या पहाटे सोव्हिएत युक्रेनमधील चेर्नोबिल अणुवीज केंद्राची चौथी भट्टी फुटली. तिथल्या सरकारी टीव्हीवर चार ओळींची बातमी आली ती २८ तारखेच्या रात्री, तीही स्वीडनमधल्या यंत्रांनी किरणोत्सर्ग पकडल्यावर. उलट एका पाश्चात्त्य वृत्तसंस्थेने दोन हजार माणसे मेल्याचे कळवून टाकले. सुरुवातीच्या मृत्यूंचा अधिकृत आकडा होता ३१.

या गोंधळात कामाची गोष्ट राहून गेली. हवेतले किरणोत्सर्गी आयोडीन गवतावर बसते. गाय ते गवत खाते, अन् दुधावाटे ते लेकरांच्या गळ्यातल्या थायरॉईड ग्रंथीत साठते. हे आयोडीन दर आठ दिवसांनी निम्मे होते. म्हणजे काही आठवडे गाई गोठ्यात बांधून साठवणीचा चारा घातला आणि ताजे दूध मुलांना दिले नाही, तर बराच धोका टळतो. पोलंडने लगेच मुलांना आयोडीन पाजले, गाईंना ओला चारा घालायला बंदी केली. बेलारूस, युक्रेन आणि रशियाच्या बाधित भागांत मात्र तेव्हाच्या मुलांमध्ये २००५ पर्यंत थायरॉईड कर्करोगाचे सहा हजारांवर रुग्ण निघाले. त्यात दूषित दुधाचा वाटा मोठा होता.

ही धास्ती मुंबईतही पोचली. आयर्लंडहून आलेले २०० टन लोणी दूषित आहे, अशी तक्रार कोर्टात गेली. सर्वोच्च न्यायालयाने तज्ज्ञांची समिती नेमली. लोणी खाण्यास सुरक्षित आहे, असा तिचा अहवाल आल्यावर १९८८ मध्ये प्रकरण मिटले.

आपल्याकडे फेब्रुवारी २००६ मध्ये नवापूरला बर्ड फ्लू निघाला, तेव्हा लांबच्या गावांतल्या निरोगी कोंबड्यांनाही गिऱ्हाईक मिळेना. नीट शिजवलेली कोंबडी खायला हरकत नाही, ही माहिती अफवेच्या मागेच राहिली.

तेव्हा सरपंच, ग्रामसेवक मंडळींना विनंती अशी, की भीतीची बातमी आली की आधी विचारा : तपासणी कुणी केली, किती निघाले, आणि आपल्या जनावरांचे, पिकाचे आज काय करायचे? मिळालेले उत्तर त्याच दिवशी ग्रामपंचायतीच्या फळ्यावर लिहा. फळा कोरा राहिला, की पारावर अफवा पिकते.