जन्मवंश आणि विद्यावंश

आपल्या प्राचीन वैयाकरणांनी वंश दोन प्रकारचा मानला आहे : एक जन्माने चालणारा आणि दुसरा विद्येने चालणारा. पित्यापासून पुत्राकडे उतरणाऱ्या परंपरेइतकीच गुरूपासून शिष्याकडे जाणारी परंपराही त्यांनी त्याच एका शब्दाखाली नोंदवून ठेवली. पाणिनीच्या सूत्रांवरील टीकांमध्ये विद्यार्थिदशेत वाचलेला हा भेद मला पुष्कळ वर्षे व्याकरणाचा एक तपशील एवढाच वाटत आला होता. परंतु गेल्या मार्गशीर्षातील एका सकाळी, बोरिवलीच्या गजबजाटापासून दोन घटकांच्या वाटेवर, कान्हेरीच्या कड्याखालील निर्वाणवीथीत उभा असताना तोच भेद मला विटांत रचलेला आणि शिळेवर कोरलेला दिसला. त्या सकाळची ही हकीकत आहे.

आम्ही पाच जण होतो. पुरातत्त्वाचे अध्यापन करून निवृत्त झालेल्या एका विदुषींनी, ज्यांना आम्ही सारे नुसते 'बाई' म्हणतो, आम्हांला कान्हेरी दाखवण्याचे कबूल केले होते. अट एवढीच, की घाई करायची नाही आणि त्या नेतील तिथेच जायचे. उद्यानाचे दार उघडताच आम्ही आत शिरलो आणि वर पोहोचलो तेव्हा कातळात खोदलेल्या पायऱ्या दवाने ओल्या होत्या. "बहुतेक माणसं तिसऱ्या लेण्यापर्यंत येतात, व्हरांड्यातले उंच बुद्ध पाहतात आणि परततात," बाई म्हणाल्या. "तुम्हांला मी डोंगराच्या कडेला नेणार आहे. तिथे पाहायला फारसं नाही; वाचायला मात्र आहे."

कान्हेरीचे शिलालेखांतील नाव कण्हगिरि, संस्कृतात कृष्णगिरि. या काळ्या कातळात इसवी सनापूर्वीच्या पहिल्या शतकापासून पुढे हजार वर्षे लेणी खोदली जात होती आणि त्यांची संख्या शंभराच्या वर गेली. शूर्पारक आणि कल्याण या बंदरांतून व्यापार करणारे श्रेष्ठी, सोनार, गृहस्थ आणि भिक्षुणी यांनी दिलेल्या दानांचे लेख इथे ठिकठिकाणी आहेत. लेण्यालेण्याला पाण्याचे टाके, निजण्याला कातळाचा ओटा आणि या साऱ्या वसतीचे केंद्र म्हणून यज्ञश्री सातकर्णीच्या काळातले भव्य चैत्यगृह, असा हा एक संपूर्ण विहार होता. आणि जिथे माणसे पिढ्यान्‌पिढ्या राहतात तिथे ती मरतातही, हे लक्षात घेऊन त्याच डोंगरावर मृतांसाठीही जागा राखलेली होती.

ती जागा म्हणजे ही निर्वाणवीथी, अभ्यासकांच्या मोजणीतील सत्त्याऐंशी क्रमांकाचे लेणे. छपरासारखा पुढे आलेला प्रचंड कडा, त्याच्या सावलीत लांबवर गेलेला चिंचोळा ओटा, आणि त्या ओट्यावर एकापुढे एक अशा विटांच्या वर्तुळाकार बैठका. सुमारे शंभर स्तूपांच्या खुणा इथे आढळल्या आहेत. घुमट कधीच ढासळले. उरली आहेत ती जोती, भाजक्या विटांचे थर आणि मधूनच पडलेले कोरीव शिळांचे तुकडे. या ढिगाऱ्याला वाचा फुटली ती विसाव्या शतकाच्या उत्तरार्धात, पुण्याच्या डेक्कन कॉलेजातील विदुषी डॉ. शोभना गोखले यांनी येथील शिळांवरील वीसांहून अधिक लहान लेख वाचून प्रसिद्ध केले तेव्हा. अक्षरांच्या वळणावरून ते इसवी सनाच्या पाचव्या-सहाव्या शतकांच्या सुमाराचे ठरले. आणि प्रत्येक लेखाचा आशय जवळजवळ सारखाच : हा अमुक स्थविराचा, अमुक अर्हताचा स्तूप. पराक्रमाचे वर्णन नाही, पित्याचे नाव नाही, गोत्र नाही, मुलूख नाही. घर सोडून आलेल्या माणसाचे संघात मिळालेले नाव आणि साधनेत त्याने गाठलेली पायरी, एवढाच त्याचा दाखला.

बाईंनी एका जोत्यापाशी बसून आम्हांला विचारले, "ज्यांना मूल नाही, बाळ नाही, ज्यांनी मालमत्ता ठेवली नाही, त्यांची समाधी बांधतं कोण?" आणि स्वतःच उत्तर दिले. मावळातील बेडसे येथे एका स्तूपामागील लेखात आहे, की अरण्यात राहणारा, भिक्षेवर निर्वाह करणारा गोभूति याच्यासाठी हा स्तूप त्याचा अंतेवासी आसळमित याने करविला. अंतेवासी म्हणजे गुरूजवळ राहून शिकणारा. भाजे येथे चौदा स्तूपांचा समूह आहे, त्यांतील काहींवर स्थविरांची नावे आहेत. खुद्द कान्हेरीत, वीथीतील लेखांहून पुरातन अशा एका लेखात, धम्मपाल नावाच्या स्थविराचा स्तूप ही शिवपालितनिका या स्त्रीची देणगी असल्याची नोंद आहे. ती एका हेरणिकाची, म्हणजे सोन्यानाण्याचा व्यवहार पाहणाऱ्या गृहस्थाची, पत्नी होती. आणि चैत्यगृहाजवळचा जो स्तूप डॉ. जेम्स बर्ड यांनी १८३९ मध्ये उकलला, त्यात रक्षापात्रांसमवेत मिळालेला ताम्रपट सांगतो, की त्रैकूटक राजांच्या २४५ व्या वर्षी, म्हणजे इ. स. ४९४-९५ मध्ये, सिंधु देशातून आलेल्या बुद्धरुचीने कृष्णगिरीच्या महाविहारात हे चैत्य बुद्धाचा पट्टशिष्य शारद्वतीपुत्र याच्या नावे उभारले. शिष्य, परकी गृहिणी, दूरदेशीचा यात्रेकरू : रक्ताचे नाते यांपैकी एकाचेही नव्हते.

हे ऐकत असताना माझे मन काही वर्षांमागे इटलीतील फ्लॉरेन्स नगरात घेतलेल्या अशाच एका खाजगी दर्शनाकडे वळले. सान लोरेन्झोच्या मंदिराला जोडून मेदिची घराण्याची समाधिगृहे आहेत, आणि गर्दीची वेळ टळल्यावर एका वृद्ध मार्गदर्शकाने आम्हां तिघांना ती सावकाश दाखवली होती. सराफीच्या पेढीवर उभे राहिलेले हे घराणे. त्याचा पाया घालणारा जोव्हान्नी ब्रुनेलेस्कीने बांधलेल्या जुन्या दालनात निजला आहे. पुढे घराण्यात पोप झाले, ड्यूक झाले, आणि १५१६ व १५१९ मध्ये दोन तरुण वारस पाठोपाठ वारले तेव्हा त्यांच्या स्मारकासाठी नव्या दालनाचे काम मायकेलँजेलोकडे आले. दिवस आणि रात्र, उषा आणि संध्या या चार संगमरवरी आकृती त्या दोन कबरींवर रेलून आहेत. रात्रीच्या मिटलेल्या पापण्यांपुढे मी किती वेळ उभा होतो ते मला सांगता येणार नाही. पण मार्गदर्शकाने आम्हांला हळूच तिसऱ्या भिंतीकडे वळवले. घराण्याचा खरा भूषणभूत पुरुष लोरेन्झो, ज्याच्या आश्रयाला कवी आणि तत्त्वज्ञ राहिले आणि ज्याच्या वाड्यात मायकेलँजेलो स्वतः पोरवयात वाढला, आणि १४७८ च्या कटात मारला गेलेला त्याचा भाऊ जुलियानो, हे दोघे तिथे एका साध्या शिळेखाली आहेत. त्यांच्यासाठी योजिलेले स्मारक कधी पुरे झालेच नाही. १५३४ मध्ये शिल्पकार नगर सोडून गेला तो परत आला नाही.

पलीकडे राजकुलाचे अष्टकोनी समाधिगृह आहे, १६०४ मध्ये आरंभिलेले. आपल्याकडील पच्चीकारीची आठवण व्हावी असे रंगीत दगडांचे जडावकाम त्याच्या भिंतींवर मजलोन्मजले चढत गेले आहे. तेथील प्रचंड शवपेटिका मात्र रिकाम्या आहेत. देह खालच्या तळघरात आहेत. हा जन्मवंश १७४३ मध्ये आन्ना मारिया लुइझा या निपुत्रिक स्त्रीबरोबर संपला. तिने मृत्यूपूर्वी, १७३७ मध्ये, नव्या राजवटीशी करारनामा करून घराण्याचा सारा कलासंग्रह फ्लॉरेन्सच्या बाहेर जाऊ नये असे बंधन घालून ठेवले. ज्या वंशाने भिंती आपल्या नावाने मढवल्या, त्याची शेवटची वारस ते धन नगराच्या स्वाधीन करून गेली. आणि त्या दालनांतील मोठेपण आज आम्हांला भिडते ते त्या दानामुळे आणि एका शिल्पकाराच्या हातामुळे. रक्ताचा वंश जिथे थांबला तिथे त्याला विद्येच्या वंशाने खांद्यावर घेतले, असेच मला वाटते.

त्याच नगराच्या पश्चिम टोकाला, आर्नो आणि मुन्योने या नद्यांच्या संगमावर, मराठी माणसाचे पाऊल आपोआप थबकावे अशी एक छत्री आहे. करवीरचे छत्रपती राजाराम महाराज इंग्लंडचा प्रवास आटोपून परतताना ३० नोव्हेंबर १८७० रोजी फ्लॉरेन्स येथे निवर्तले. वय अवघे वीस. रात्रीच्या वेळी, आपल्या धर्मरीतीप्रमाणे दोन नद्यांच्या संगमी त्यांचे दहन झाले, आणि १८७४ मध्ये त्या जागी मेजर मँट यांच्या आराखड्याची छत्री आणि तिच्याखाली फुलर या शिल्पकाराने घडवलेला महाराजांचा अर्धपुतळा उभा राहिला. प्रवासात त्यांनी लिहिलेली रोजनिशी १८७२ मध्ये छापून निघाली. शाळा, दवाखाने, संग्रहालये पाहून आपल्या राज्यासाठी काही शिकू पाहणारा एक तरुण तीत भेटतो. तिथे त्यांच्या कुळातले कोणी सांजवात लावीत नाही; पण शेजारच्या पुलाला फ्लॉरेन्सकरांनी 'भारतीयाचा पूल' हेच नाव दिले आहे.

आमच्या उपनगरात मृतांचे स्मरण आणखी एका रीतीने जपलेले आहे, आणि कान्हेरीहून उतरल्यावर बाईंनी आम्हांला रेल्वेच्या पश्चिमेकडील एक्सर गावठाणात नेले. इमारतींच्या दाटीत तिथे वीरगळ उभे आहेत. पूर्वीच्या नोंदीत ते सहा असल्याचे आणि त्यांतले मोठे दहा फुटांच्या आसपास उंच असल्याचे म्हटले आहे. वीरगळ खालून वर वाचायचा असतो. तळाच्या पट्टीत वल्ही मारणाऱ्या नौकांच्या रांगा, वर तुंबळ युद्ध, त्यावर पडलेले वीर, आणि सर्वांत वर शिवलोक व कलश. देवगिरीचा यादव महादेव आणि उत्तर कोकणचा शेवटचा शिलाहार राजा सोमेश्वर यांच्यात इ. स. १२६५ च्या सुमारास झालेल्या नाविक संग्रामाशी विद्वानांनी या शिल्पांचा संबंध जोडला आहे. सोमेश्वर समुद्रात बुडाल्याचे हेमाद्रीच्या प्रशस्तीत आलेलेच आहे. या शिळांवर आज वीरांची नावे वाचता येत नाहीत. त्यांचा जन्मवंश आणि विद्यावंश दोन्ही अज्ञात. तरीही आम्ही पोहोचलो तेव्हा एका शिळेच्या पायाशी शेंदूर लावून जास्वंदीची ताजी फुले वाहिलेली होती, आणि शेजारच्या घरातल्या आजींनी आम्हांला चपला बाजूला काढायला सांगितले.

परंतु निरोपापूर्वीचे कान्हेरीतील शेवटचे दृश्य सांगायचे राहिले. वीथीकडून परतताना बाई आम्हांला नव्वद क्रमांकाच्या लेण्यात घेऊन गेल्या होत्या. तिथे कातळावर पहलवी लिपीत काही नावे आहेत : इ. स. १००९ मध्ये आणि पुन्हा १०२१ मध्ये इथे येऊन गेलेल्या जरथुश्त्री पाहुण्यांची. परक्या धर्माच्या त्या मंडळींनी तारखेसह आपल्या आल्याची नोंद ठेवली. या लेखांकडे ज्यांचे लक्ष गेले ते एडवर्ड विल्यम वेस्ट हे रेल्वेचे इंजिनीयर. १८६० च्या सुमारास त्यांनी कान्हेरीचे लेख उतरवून घेतले आणि पुढे पहलवी विद्येतच त्यांनी उर्वरित आयुष्य घालवले. कातळावरची चार नावे एका माणसाच्या उभ्या जन्माला दिशा देऊन गेली, ही गोष्ट मला फार मोलाची वाटते.

बाईंनी पिशवीतून एक जुनी वही काढली. तिच्यात वीथीतल्या लेखांचे ठसे आणि त्याखाली शाईने लिहिलेली वाचने होती. कागद पिवळा पडला होता. "यातलं एकही अक्षर माझं नाही," त्या म्हणाल्या, "हे सगळं माझ्या गुरूंचं. त्यांनी मला ब्राह्मीचा 'अ' गिरवायला शिकवला तो याच डोंगरावर." मग त्यांनी एक लेख हळू वाचला आणि आमच्यातल्या सर्वांत लहान मुलीला, जी महाविद्यालयाच्या पहिल्या वर्षाला आहे, वही हातात देऊन त्या म्हणाल्या, "आता तू वाच." तिने अडखळत, बोट ठेवून, दीड हजार वर्षांपूर्वीच्या त्या स्थविराचे नाव उच्चारले. पहिल्या वेळी चुकले. बाईंनी मात्रा दाखवली. दुसऱ्या वेळी बरोबर आले.