पन्नाशीच्या तोंडावर पहिला ब्रेक!

तिशी आली तरी अजून टीम लीडर नाही म्हणून झोप उडालीये? मग लिझ स्मिथला भेटाच.

‘चार्ली अँड द चॉकलेट फॅक्टरी’ (२००५) पाहिलाय ना? जॉनी डेपला जरा बाजूला ठेवा. चार्लीच्या घरात एकाच पलंगावर चार म्हातारे पडलेले असतात. त्यातली भलतंच काहीतरी बोलणारी आजी जॉर्जिना आठवतेय? तीच ही.

जन्म १९२१, इंग्लंडमधल्या स्कनथॉर्पचा. दोन वर्षांची असताना आई गेली, पुढे वडीलही सोडून गेले, आजीनं वाढवलं. महायुद्धात नौदलाच्या महिला दलात नोकरी. मग लग्न, दोन मुलं, घटस्फोट. त्यानंतर नुसती ओढाताण! मिळेल ते काम, एकटीनं पोरं वाढवणं आणि जमेल तसं नाटक. दिग्दर्शक चार्ल्स मॅरोविट्झच्या ग्रुपमध्ये ती इम्प्रोव्हायझेशन करायची, म्हणजे हातात स्क्रिप्ट नसताना उभं राहायचं आणि सीन रंगवायचा. यातून करिअर होईल असं कुणी म्हटलं नसतं.

१९७० चा ख्रिसमस. लिझ लंडनच्या ‘हॅम्लीज’मध्ये खेळणी विकत होती. (होय, २०१९ मध्ये रिलायन्सनं घेतलेलं तेच!) तेव्हा निरोप आला. माइक ली नावाच्या नवख्या दिग्दर्शकाला पहिल्या सिनेमासाठी मध्यमवयीन बाई हवी होती, आणि तिला इम्प्रोव्हायझेशन यायला हवं होतं. लिझ ४९ वर्षांची! ‘ब्लीक मोमेंट्स’ १९७१ मध्ये आला. १९७३ मध्ये लीच्याच ‘हार्ड लेबर’ या बीबीसीच्या फिल्ममध्ये तिला मुख्य भूमिका मिळाली. दुसऱ्यांची घरं साफ करणारी, फारसं न बोलणारी बाई. ती बाई तिला कुणी शिकवायची गरज नव्हती.

पुढे लीड रोल फारसे नाहीत. आई, आजी, शेजारीण, बस्स! पण ‘अ प्रायव्हेट फंक्शन’ (१९८४) मध्ये मॅगी स्मिथची खादाड म्हातारी आई करून तिनं सहायक अभिनेत्रीचा बाफ्टा पटकावला. मॅगी तिच्याहून फक्त १३ वर्षांनी लहान, बरं का! ‘द व्हिकार ऑफ डिबली’ मालिकेतली तिची मिसेस क्रॉपली तर केकमध्ये चक्क खारट मार्माइट घालते.

२००९ मध्ये एमबीई हा किताब मिळाला, त्याच वर्षी तिनं काम थांबवलं. २४ डिसेंबर २०१६ ला, ९५ व्या वर्षी ती गेली.

बघायला सुरुवात कुठून करायची? ‘द रॉयल फॅमिली’पासून. राजघराण्याशी काही संबंध नाही हं! टीव्हीसमोर बसून राहणारं एक कामगार कुटुंब आणि त्यातली ही कुरकुरी नाना. २००६ च्या ‘द क्वीन ऑफ शीबा’ या स्पेशल एपिसोडमध्ये नानाचा पलंग हॉलमध्येच आणलेला असतो आणि लेक बार्बरा तिचे केस विंचरते. विशेष काही घडत नाही. टिश्यूचा बॉक्स मात्र जवळ ठेवा.