जुनी दृश्ये येतात कोठून?

मुक्तिसंग्रामावरील एखादा माहितीपट पाहताना मध्येच काळ्यापांढऱ्या रंगातील जुनी मिरवणूक दिसू लागते. ती आली कोठून, याचा विचार आपण सहसा करीत नाही. आम्हांस तो करावा लागला. हिंगोलीच्या हळद बाजारातील हमालांवर माहितीपट काढू पाहणाऱ्या मंडळींनी परगावचा मोर्चा आमचा म्हणून दाखवावयाचे ठरविले होते. आम्ही त्यास नकार दिला, आणि खरे दृश्य शोधण्याची जबाबदारी आपसूकच आमच्यावर आली.

फिल्मची लांबी फुटांत मोजीत, म्हणून अशा तुकड्यांस फुटेज म्हणतात. भांडारात त्याची नोंद तारीख, ठिकाण व प्रसंग यांवरून असते. तेव्हा नुसते ‘हिंगोली’ असे विचारून भागत नाही. आपला जिल्हा 1 मे 1999 रोजी झाला. त्यापूर्वी आपण परभणीत होतो. 1956 पर्यंत आपला मुलूख हैदराबाद राज्यात आणि 1960 पर्यंत द्विभाषिक मुंबई राज्यात होता. ज्या काळचे दृश्य हवे, त्या काळच्या नावाने ते शोधले पाहिजे.

शोध करावयाचा कोठे? 1948 मध्ये स्थापन झालेल्या फिल्म्स डिव्हिजनचे वृत्तपट चित्रपटगृहांत मुख्य खेळाआधी दाखवीत. पुण्याचे राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय 1964 मधले. 2022 मध्ये या दोन्ही संस्था राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन झाल्या.

दृश्य सापडले म्हणजे काम संपले असे नव्हे. चित्रपटावरील स्वामित्वहक्क प्रकाशनाच्या पुढील वर्षापासून 60 वर्षे टिकतो. ती मुदत संपली तरी प्रत काढून देण्याचे शुल्क भांडार घेऊ शकते, आणि ते बहुधा वेळेच्या हिशेबाने असते. पस्तीस मिलिमीटरची 90 फूट फिल्म पडद्यावर एक मिनिटात संपते. म्हणून आधी साध्या प्रतीवर पाहून हवे तेवढेच सेकंद टिपून घ्यावे आणि चांगली प्रत तेवढ्याचीच मागवावी.

परंतु जे कोणी टिपलेच नाही, ते कोणत्याही भांडारात मिळत नाही. सरकारी कॅमेरा उद्घाटनास जाई; हमालाच्या पाठीवरच्या पोत्याकडे तो क्वचितच वळे. 7 डिसेंबर 1956 रोजी मुंबईत निघालेली डॉ. बाबासाहेब आंबेडकरांची अंत्ययात्रा नामदेव व्हटकर यांनी पदरमोड करून चित्रित केली, म्हणून आज ती आपणांस पाहावयास मिळते.

आमच्या हमालांचा जुना मोर्चा अखेर भांडारात मिळाला नाही. तो मिळाला एका सभासदाच्या घरी, लग्नाच्या कॅसेटच्या शेवटी. तेव्हा श्रोत्यांस एवढीच विनंती की, घरच्या कॅसेटी फेकू नका. बुरशी आलेली कॅसेट यंत्रात घालू नका, जाणकाराकडे न्या. आणि प्रत्येकीवर गाव, तारीख व प्रसंग आजच लिहून ठेवा. उद्या कोणी आपला मोर्चा परगावचा म्हणून दाखविला, तर तेवढाच पुरावा आपल्या हाती असेल.